कंपनीच्या लेखांसाठी लेखक कसा नेमावा : नागपूर परिसरातील लघुउद्योजकांसाठी मार्गदर्शन

बुटीबोरी, हिंगणा किंवा कळमेश्वरच्या औद्योगिक वसाहतीत चाळीस-पन्नास माणसांचा कारखाना चालवणाऱ्या उद्योजकांना आपल्या मालाविषयी मराठीत नियमित लिहून प्रसिद्ध करावेसे वाटू लागले आहे, ही मला अतिशय आनंदाची गोष्ट वाटते. काटोलचा बागायतदार असो वा गोंदियाचा दुकानदार, वस्तू घेण्यापूर्वी तो मोबाइलवर तिच्याविषयी वाचू पाहतो, आणि तेथे त्याच्या हाती बहुधा इंग्रजीवरून घाईने उतरवलेला मजकूरच लागतो. ही उणीव भरून काढण्यासाठी चांगला लेखक हवा, हे सर्वांना पटते. तो नेमायचा कसा, हे मात्र पहिल्यांदाच हे काम करणाऱ्याला कोणी सांगत नाही.

गेली काही वर्षे मी या भागातील लहान कंपन्यांना लेखक निवडण्यात आणि त्यांचे लेखन तपासण्यात मदत करत आलो आहे. ज्या नेमणुका फसल्या, त्यांपैकी फार थोड्या लेखकाच्या भाषेमुळे फसल्या. बहुतेक ठिकाणी कंपनीने लेखकाला एक माहितीपत्रक, दोन छायाचित्रे आणि "छान लिहा" एवढी सूचना दिली होती. कारखान्यातील जाणत्या माणसाशी त्याची भेटच घालून दिली नव्हती. म्हणून या लेखात लेखकाच्या निवडीइतकाच भर कंपनीने स्वतः करायच्या तयारीवर दिला आहे.

आधी प्रश्नांची वही

लेखकाचा शोध सुरू करण्यापूर्वी किमान एक महिना कंपनीत एक साधी वही ठेवावी. फोनवर ऑर्डर घेणारी व्यक्ती, दुरुस्तीला जाणारा मेकॅनिक आणि डीलरकडे माल पोचवणारा चालक या तिघांनी, ग्राहकाने विचारलेला प्रत्येक प्रश्न शक्यतो त्याच्याच शब्दांत, तारखेसह त्या वहीत लिहावा. मालकाला जे सांगावेसे वाटते आणि ग्राहकाला जे विचारावेसे वाटते, त्यांत केवढे अंतर असते हे या वहीतून महिनाभरात दिसते.

कूलर तयार करणाऱ्या कारखान्याचे उदाहरण घेऊ. मालकाची इच्छा असते की, पत्र्याची जाडी, मोटरचा दर्जा आणि कंपनीची परंपरा यांवर लेख यावेत. वहीत मात्र प्रश्न असतात ते असे: कूलरच्या बाजूंना लावलेल्या गवताच्या ताट्या किती दिवसांनी बदलायच्या, बोअरच्या पाण्यामुळे ताट्यांवर पांढरा थर का बसतो, मे महिन्यात उत्तम चालणारा कूलर जुलैत लावला की खोली चिकट का होते. या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर कारखान्यातील कोणताही अनुभवी मेकॅनिक दोन मिनिटांत देतो. नागपूरचा उन्हाळा कोरडा असतो. पारा ४५ अंशांच्या आसपास गेला तरी हवेत बाष्प कमी असल्याने ताट्यांवरील पाणी झपाट्याने उडते, उडताना हवेतील उष्णता घेऊन जाते आणि म्हणून वारा थंड लागतो. पावसाळी हवा आधीच बाष्पाने भरलेली असते, तिच्यात पाणी फारसे उडत नाही आणि खोलीत नुसता ओलावा साचतो. हे उत्तर लेखकाला ठाऊक असेलच असे नाही, आणि ठाऊक असावे अशी अपेक्षाही नको. ते मेकॅनिककडून नेमके काढून घेणे आणि वाचकाला समजेल असे मांडणे, हे त्याचे काम आहे.

महिन्याअखेरीस वहीतील सारखे प्रश्न एकत्र करावेत आणि ज्यांना सविस्तर उत्तर लागते असे बारा-पंधरा प्रश्न वेगळे काढावेत. एवढ्यात वर्षभराचे विषय होतात. सुरुवातीलाच दर आठवड्याला एक लेख, असा संकल्प करू नये. महिन्याला एक लेख नीट निघाला, तर लहान कंपनीला तो पुरेसा आहे. विषयांना हंगामही जोडावा. कूलरची विचारपूस होळीच्या सुमारास वाढू लागते, म्हणून निवडीसंबंधीचा लेख फेब्रुवारीत वाचकांसमोर हवा आणि त्याचे काम डिसेंबर-जानेवारीत व्हायला हवे. शेतीची अवजारे विकणाऱ्याचा डवऱ्याविषयीचा, म्हणजे पिकाच्या ओळींतील तण काढणाऱ्या अवजाराविषयीचा, लेख पेरणी आटोपल्यावर आला, तर तो वाचायला शेतकऱ्याजवळ वेळ उरलेला नसतो.

त्याच वेळी कंपनीतील एका व्यक्तीचे नाव निश्चित करावे, जी लेखकाच्या शंकांना दोन दिवसांच्या आत उत्तर देईल. ही व्यक्ती मालकच असली पाहिजे असे नाही, आणि माझ्या मते शक्यतो नसावी, कारण मालकाला वेळ नसतो. उत्पादन आणि ग्राहक दोन्ही माहीत असलेला पर्यवेक्षक या कामाला सर्वांत योग्य.

पूर्णवेळ की कामापुरता

महिन्याला एक-दोन लेख हवे असतील, तर पूर्णवेळ लेखक नेमण्याचे कारण नाही. तसा नेमला की उरलेल्या वेळात त्याच्याकडून निविदांचे टंकलेखन आणि दिवाळीचे शुभेच्छासंदेश लिहून घेतले जातात, आणि चांगला लेखक सहा महिन्यांत निघून जातो. आधी तीन महिन्यांसाठी कामापुरता लेखक घ्यावा. माहितीपत्रके, वापरपुस्तिका आणि डीलरांसाठीच्या सूचना असे लेखन वाढत गेले, तर पूर्णवेळ नेमणुकीचा विचार नंतर करता येतो.

कुठे शोधावा

नागपुरात लेखकांची वाण नाही. आपल्या कामाला उपयोगी लेखक कोठे बसला आहे, हे ओळखणे अवघड असते. वृत्तपत्रांच्या पुरवण्यांत कृषी, आरोग्य किंवा ग्राहकहित या विषयांवर नियमित लिहिणारे मुक्त पत्रकार हा पहिला गट. त्यांना मुदतीची सवय असते आणि माणसाला बोलते करण्याची हातोटी असते. राष्ट्रसंत तुकडोजी महाराज नागपूर विद्यापीठाच्या जनसंवाद विभागातील पदव्युत्तर विद्यार्थी हा दुसरा गट. त्यांच्यात उत्साह भरपूर असतो, परंतु कंपनीकडे त्यांचे लेखन तपासणारा माणूस असेल तरच हा मार्ग धरावा. १९२३ मध्ये स्थापन झालेल्या विदर्भ साहित्य संघाच्या सीताबर्डीतील कार्यक्रमांना गेल्यास लिहित्या माणसांची ओळख होते. तेथे भेटणारा प्रत्येक कवी कंपनीसाठी लिहू इच्छील असे नाही. पण त्याच्या ओळखीत तसा कोणी असण्याचा संभव पुष्कळ असतो.

दोन गट सहसा दुर्लक्षित राहतात आणि माझा कल त्यांच्याकडेच अधिक आहे. आकाशवाणीसाठी संहिता लिहिलेली माणसे हा त्यांतील एक. जे लिहिले ते एकदाच ऐकून समजले पाहिजे, या शिस्तीत त्यांची वाक्ये घडलेली असतात आणि हा गुण मोबाइलवरच्या वाचकासाठीही फार मोलाचा ठरतो. दुसरा गट विषय शिकलेल्या, परंतु लेखक म्हणून न मिरवणाऱ्या लोकांचा. ठिबक सिंचनाच्या कंपनीला महाराजबागेच्या कृषी महाविद्यालयातून शिकून निघालेला आणि बरे मराठी लिहिणारा पदवीधर, एखाद्या नामवंत ललितलेखकापेक्षा अधिक उपयोगी पडतो. भाषा थोडी कच्ची असेल तर ती सुधारता येते. संत्र्याच्या आंबिया आणि मृग बहार या फुलोऱ्याच्या दोन हंगामांतील फरक ज्याला मुळापासून समजावून द्यावा लागतो, त्याच्यावर मात्र बराच वेळ खर्च होतो.

नमुने वाचताना

लेखकाकडून पूर्वी लिहिलेले तीन लेख मागवावेत आणि ते शांतपणे, शक्य झाल्यास मोठ्याने वाचावेत. "हा कूलर आपल्याला थंडाव्याचा एक अद्वितीय अनुभव प्रदान करतो" अशा धाटणीची वाक्ये दिसली, तर तो मजकूर इंग्रजीतून किंवा मजकूर लिहून देणाऱ्या संगणकी यंत्राकडून आलेला आहे असे समजायला हरकत नाही. मराठी माणूस कूलर अनुभव प्रदान करतो असे म्हणत नाही. कूलरचा वारा गार लागतो, असे म्हणतो. प्रत्येक परिच्छेदात किमान एक अशी गोष्ट हवी, जी लेखकाने कोठेतरी पाहिली, मोजली किंवा कोणाला तरी विचारली आहे. सगळीच विधाने कोणत्याही शहरातील कोणत्याही कंपनीला लागू पडत असतील, तर लेखकाने बसल्या जागेवरून लिहिले आहे.

शुद्धलेखनाकडे लक्ष द्यावे, पण त्याचा बाऊ करू नये. मराठी साहित्य महामंडळाचे १९६२ पासूनचे लेखनविषयक नियम हा सर्वमान्य आधार आहे आणि लेखकाला ते साधारणपणे अवगत असावेत. ऱ्हस्व-दीर्घाच्या एखाद-दुसऱ्या चुकीवरून जाणता लेखक नाकारू नये. ती चूक मुद्रितशोधक काढू शकतो.

एक तांत्रिक गोष्ट याच वेळी विचारून घ्यावी: लेखक युनिकोडमध्ये टंकलेखन करतो का? छापखान्यांच्या सवयीमुळे अनेक अनुभवी लेखक अजून जुन्या फॉन्टमध्ये टंकन करतात. तो मजकूर संकेतस्थळावर टाकला की अक्षरांऐवजी निरर्थक चिन्हे उमटतात आणि रूपांतर केले तरी जोडाक्षरे, विशेषतः "ऱ्या" आणि "ऱ्ह", पुष्कळदा बिघडतात. हे पहिल्याच भेटीत स्पष्ट झाले, तर पुढचा बराच मनस्ताप वाचतो.

चाचणीचा लेख

दोन किंवा तीन लेखक पसंत पडल्यावर प्रत्येकाकडून एक चाचणीचा लेख लिहून घ्यावा आणि त्याचे पूर्ण पैसे द्यावेत. या मुद्द्यावर मी आग्रही आहे. एका कंपनीने माझ्या सल्ल्याविरुद्ध पाच जणांकडून विनामूल्य नमुना लेख मागवले. मजकूर आवडला तो सरळ वापरला आणि कोणाचीच नेमणूक केली नाही. त्या पाचांत एक लेखिका अशी होती की, तिच्यासारखे यंत्राचे काम समजावून सांगणारे मराठी मी नंतर क्वचित वाचले. पुढे त्याच कंपनीला खरोखरच लेखक हवा झाला तेव्हा तिने नकार दिला, आणि तिचा नकार योग्यच होता.

चाचणीसाठी सर्वांना विषय आणि साहित्य सारखेच द्यावे. वहीतील एक प्रश्न निवडावा, कंपनीतील मेकॅनिकशी किंवा पर्यवेक्षकाशी प्रत्येकाचे अर्धा तास बोलणे करून द्यावे आणि सहाशे शब्दांचा लेख आठवडाभरात मागवावा. खरी परीक्षा त्या अर्ध्या तासात होते. मेकॅनिकला नंतर बाजूला घेऊन विचारावे की, कोणी काय विचारले. "हे असे का होते?" असे जो पुन्हा पुन्हा विचारतो, समजले नाही तर मोकळेपणाने तसे सांगतो आणि आकडा ऐकला की तो कशाचा आहे याची खात्री करून घेतो, त्याच्याकडे झुकावे. ज्याने अर्धा तास मान डोलावली आणि काहीच विचारले नाही, त्याचा लेख कितीही गोड उतरला तरी मला त्याची काळजी वाटते.

लेख हाती आल्यावर तो तीन माणसांना वाचायला द्यावा. मेकॅनिकने माहिती बरोबर आहे का ते पाहावे. कंपनीशी संबंध नसलेल्या एखाद्या वाचकाने, उदाहरणार्थ इतवारीतील डीलरच्या दुकानात बसणाऱ्या मुलाने, तो एकदा वाचून त्यातले काय समजले ते आपल्या शब्दांत सांगावे. मालकाने सर्वांत शेवटी वाचावा.

शब्द कोणाचे : डवरणी की कोळपणी

आपल्या भागातील वाचकासाठी लिहिताना हा प्रश्न पदोपदी येतो आणि लेखक निवडतानाच त्याचा विचार करावा लागतो. पश्चिम महाराष्ट्रात ज्याला कोळपणी म्हणतात, त्याला आपल्याकडे डवरणी म्हणतात. तिकडे सरकीची पेंड, इकडे ढेप. तिकडे भात, तर भंडारा-गोंदियात धान, आणि तो बांधीत, म्हणजे बांध घातलेल्या शेतात, असतो. पुण्याच्या एका अनुभवी लेखकाने येथील अवजारांच्या कंपनीसाठी लिहिलेला लेख मी तपासला होता. व्याकरण निर्दोष, माहिती बिनचूक, पण सगळीकडे कोळपणी. नरखेडच्या शेतकऱ्याला त्याचा अर्थ कळत नाही असे नाही. परंतु हा लेख आपल्यासाठी लिहिलेला नाही, एवढे त्याला पहिल्याच ओळीत कळते. शिवाय तो मोबाइलवर शोधताना डवरा हाच शब्द टाकणार, त्यामुळे लेख त्याच्यापर्यंत पोचण्याची शक्यताही कमी होते.

याचा अर्थ संपूर्ण लेख वऱ्हाडी किंवा नागपुरी बोलीत लिहावा, असा नाही. वाक्यरचना प्रमाण मराठीची ठेवून वस्तूंची, कामांची आणि पिकांची नावे वाचकाच्या तोंडची घ्यावीत, हा मला सर्वांत समाधानकारक मार्ग वाटतो. त्यासाठी कंपनीने शंभरेक शब्दांची यादी करून लेखकाला द्यावी: आपण कोणता भाग कोणत्या नावाने ओळखतो, ग्राहक त्याला काय म्हणतो आणि लेखात कोणते नाव वापरायचे. मोटर, पंप, फिल्टर, वॉरंटी यांसारखे रुळलेले शब्द तसेच ठेवावेत. दुकानदारालाही समजणार नाहीत असे प्रतिशब्द घडवून वाचकाची अडचण करू नये.

मोबदला

शब्दांवर पैसे देण्याची पद्धत सोपी आहे, म्हणून ती पसरली. पण तीमुळे लेख फुगतात. सहाशे शब्दांत संपणारे उत्तर बाराशे शब्दांवर जाते, आणि त्यात लेखकाला दोष देण्यात अर्थ नाही, कारण आपण त्याला शब्दांचेच पैसे देत असतो. लेखामागे ठरावीक रक्कम द्यावी आणि ती ठरवताना त्यामागील दिवस मोजावेत: अर्धा दिवस कारखान्यात, अर्धा दिवस टिपणे तपासण्यात, एक ते दीड दिवस लिहिण्यात आणि अर्धा दिवस दुरुस्त्यांत. म्हणजे एका नीट केलेल्या लेखासाठी सुमारे तीन दिवस लागतात. आपल्या कंपनीत तेवढ्याच जबाबदारीचे काम करणाऱ्या माणसाला तीन दिवसांचे किती देतो, हा प्रश्न स्वतःला विचारला की वाजवी आकडा आपोआप समोर येतो. शहरातून बुटीबोरीला येण्याजाण्याचा खर्च वेगळा धरावा.

दुरुस्त्यांच्या दोन फेऱ्या ठरलेल्या रकमेत असाव्यात. विषयच बदलला, तर ते नवे काम समजावे. देयक मिळाल्यापासून पंधरा दिवसांत पैसे द्यावेत. ज्या लेखकाने सूक्ष्म उद्योग म्हणून उद्यम नोंदणी केली आहे, त्याला २००६ च्या सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योग विकास कायद्याचे संरक्षण मिळते: लेखी कराराने ठरवली तरी देयकाची मुदत ४५ दिवसांपेक्षा जास्त ठेवता येत नाही, आणि उशीर झाल्यास व्याज द्यावे लागते. उद्योजकांना हा नियम आपल्या येणी वसूल करताना चांगला आठवतो. लेखकाचे देणे देतानाही तो आठवावा. लेखकाचा पॅन क्रमांक सुरुवातीलाच घ्यावा आणि कराची कपात किती करायची हे सनदी लेखापालाकडून ठरवून घ्यावे. सेवांसाठी वस्तू व सेवा कराच्या नोंदणीची मर्यादा वर्षाला २० लाख रुपये उलाढालीची असल्याने बहुतेक लेखकांच्या देयकात हा कर नसतो, त्यात शंका घेण्यासारखे काही नाही.

करार

दोन पानांचा मराठी करार पुरतो, पण तो असावाच. त्यातील सर्वांत महत्त्वाचे कलम लेखनाच्या हक्काचे आहे आणि याविषयी गैरसमज फार आहेत. १९५७ च्या प्रताधिकार (कॉपीराइट) कायद्यानुसार, पगारी कर्मचाऱ्याने नोकरीचा भाग म्हणून लिहिलेल्या मजकुराचा पहिला हक्क, वेगळा करार नसल्यास, कंपनीचा असतो; कामापुरत्या नेमलेल्या लेखकाच्या मजकुराचा हक्क मात्र, पैसे दिले म्हणून आपोआप कंपनीकडे येत नाही. तो लेखी करून आणि लेखकाची सही घेऊनच हस्तांतरित होतो. करारात कालावधी लिहिला नसेल, तर हस्तांतरण पाच वर्षांचे समजले जाते. प्रदेश लिहिला नसेल, तर ते भारतापुरते समजले जाते. म्हणून कोणते लेख, कोणते हक्क, किती काळासाठी आणि कोठे, हे चारही मुद्दे स्पष्ट लिहावेत. हक्क दिल्यानंतरही, हे लेखन आपले आहे असे सांगण्याचा आणि आपल्या नावाला बाधा येईल अशा मोडतोडीला हरकत घेण्याचा लेखकाचा अधिकार कायम राहतो. लेखावर त्याचे नाव द्यावे असे मी सुचवतो. नाव असले की माणूस अधिक काळजीने लिहितो.

दुसरे कलम दाव्यांचे. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यातील जाहिरातीच्या व्याख्येत संकेतस्थळावरील मजकूरही येतो आणि दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीसाठी उत्पादकाला १० लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. जांभळाची पावडर विकणाऱ्याने लेखात "मधुमेह बरा होतो" असे लिहून घेतले, तर १९५४ च्या औषधे व जादुई उपाय कायद्याचाही प्रश्न उभा राहतो. लेखकाने प्रत्येक दाव्याचा आधार समासात नोंदवावा आणि कंपनीने तो तपासून सही करावी, असे करारातच लिहावे. माहिती खरी आहे याची अंतिम जबाबदारी कंपनीची आहे. ती लेखकावर ढकलणारे कलम घालणे मला अन्यायाचे वाटते.

लेखनासाठी यंत्राची मदत कोठपर्यंत चालेल, कंपनीची कोणती माहिती बाहेर जाऊ नये आणि हाच मजकूर स्पर्धक कंपनीला देता येणार नाही, हे तीन मुद्दे प्रत्येकी एका वाक्यात पुरे होतात.

पहिले तीन महिने

पहिल्या दिवशी लेखकाला कार्यालयात बसवू नये. कारखान्यात फिरवावे, माल कसा बनतो ते क्रमाने दाखवावे, आणि जमल्यास मेकॅनिकबरोबर एका ग्राहकाच्या घरी किंवा वावरात पाठवावे. त्या एका दिवसात चार लेखांचे साहित्य मिळते. पहिला लेख नेहमीच अपेक्षेपेक्षा जास्त वेळ घेतो, हे गृहीत धरावे.

तपासणारी माणसे दोनच असावीत: एक माहितीसाठी, एक अंतिम मान्यतेसाठी. सूचना एकत्र करून एकाच कागदावर द्याव्यात. "मजा आली नाही" ही सूचना नव्हे. "दुसऱ्या परिच्छेदात ताट्या धुण्याची पद्धत अपुरी आहे, पाणी किती वेळ सोडायचे ते घाला" ही सूचना आहे. पाच कामकाजाच्या दिवसांत उत्तर दिले नाही, तर लेख मान्य समजून लेखकाने देयक पाठवावे, असा नियम दोघांनाही शिस्त लावतो.

तीन महिन्यांनी लेखकाला, पर्यवेक्षकाला आणि मेकॅनिकला एकत्र बसवून प्रश्नांची वही पुन्हा उघडावी. ज्या प्रश्नांवर लेख निघाले ते प्रश्न अजून तितक्याच वेळा येतात का, फोनवरची व्यक्ती ग्राहकाला त्या लेखाची लिंक व्हॉट्सॲपवर पाठवते का, आणि लेख वाचून कोणी नवा, अधिक खोलातला प्रश्न विचारला का, हे पाहावे. प्रश्न कमी झाले नसतील, तर लेखक बदलण्यापूर्वी त्या लेखांत मेकॅनिकचे उत्तर पूर्ण उतरले आहे का, ते मेकॅनिकलाच वाचायला सांगून तपासावे. ते उतरलेले असेल, तर करार वर्षभरासाठी वाढवावा आणि वहीतले नवे प्रश्न लेखकाच्या हाती द्यावेत.